बागुलबुवाचे ओठ आणि वणवा

मक्याचं एखादं कणीस वाळून काळपट करडं झालंय असं समजा. दाण्यांच्या जागी कुरळ्या, वाळक्या केसांचं जंजाळ, आणि त्या केसांतून मध्येच डोकावणारी जाड ओठांची तोंडं. काही मिटलेली, काही आ वासलेली. ऑस्ट्रेलियातल्या बँक्सिया नावाच्या झाडाचं फळांचं कणीस असं दिसतं. आपल्याकडे चहा-कॉफीच्या मळ्यांत सावलीसाठी लावतात तो सिल्व्हर ओक या बँक्सियाचाच भाऊबंद. ओकशी त्याचं काहीच नातं नाही.

मे गिब्ज लहानपणी इंग्लंडहून ऑस्ट्रेलियात आल्या आणि देशाच्या पश्चिम भागात वाढल्या. १९१८ साली त्यांचं ‘स्नगलपॉट अँड कडलपाय’ हे मुलांचं सचित्र पुस्तक आलं. त्यात निलगिरीच्या बोंडांतली गुटगुटीत बाळं नायक, आणि त्यांच्या मागे लागलेले दुष्ट ‘बँक्सिया मेन’ म्हणजे हीच केसाळ कणसं. तिथल्या कित्येक पिढ्या त्यांना घाबरत मोठ्या झाल्या. आपला बागुलबुवा दिसतो कसा, हे कुणालाच धड सांगता येत नाही. त्यांचा मात्र रानातल्या झाडावर उघड लटकलेला!

गंमत म्हणजे गिब्जबाईंनी पदरचं फार थोडं घातलं. ते केस म्हणजे वाळलेली फुलं. एका कणसावर शेकडो, कधी हजाराहून जास्त फुलं येतात; फळ धरतं मोजक्यांना, आणि बऱ्याच जातींत उरलेली फुलं न गळता तिथेच चिकटून राहतात. तोंडं म्हणजे फळं. प्रत्येकात साधारण दोन पंखवाल्या बिया, आणि ओठ राळेनं घट्ट चिकटवलेले. ते वर्षानुवर्षं तसेच मिटून राहू शकतात. वणवा आला की राळ वितळते आणि ओठ विलग होतात.

पण बिया लगेच पडतातच असं नाही. दोन बियांच्या मध्ये एक दुभंगलेली लाकडी पट्टी असते. पावसात भिजली की तिची टोकं जवळ येतात, वाळली की फाकतात. असं भिजत-वाळत ती बियांना हळूहळू बाहेर ओढते. म्हणजे आग दार उघडते, पण बी जमिनीवर पडतं ते पाऊस झाल्यावर, ओल्या राखेत. बी गोळा करणारे हौशी लोक हेच नाटक घरी करतात: कणीस ओव्हनमध्ये भाजायचं, मग पाण्यात भिजत टाकायचं.

सगळ्याच जाती आगीची वाट पाहत नाहीत. समुद्रकाठची एक जात आपली आपणच उघडते. उलट सिडनीच्या आसपास वाढणारी, बारीक पानांची एक जात वणव्यात जळून मरते. मागे उरतं ते फक्त त्या तोंडांतलं बियाणं. नवी रोपं फळायच्या आत दुसरा वणवा आला, तर त्या जागी तिचं काहीच उरत नाही.

गिब्जबाईंच्या बाळांच्या डोक्यावरची टोपीही खरीच. निलगिरीच्या कळीला पाकळ्या सुट्या नसतात, त्यांची जुळून टोपी झालेली असते. फुलताना टोपी गळते आणि पुंकेसरांचा झुबका बाहेर येतो. फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ लेरितिए यांनी १७८८ मध्ये या झाडाला ‘युकॅलिप्टस’ म्हटलं, ग्रीकमध्ये ‘नीट झाकलेलं’, ते या टोपीवरूनच. बाईंनी बाळांना टोपी दिली आणि पुंकेसरांचे घागरेही शिवले.

मोठ्यांच्या गोष्टींतही झाडं अशीच नेमकी येतात. १८९५ मध्ये क्वीन्सलंडमध्ये बँजो पॅटरसन यांनी लिहिलेलं ‘वॉल्टझिंग मटिल्डा’ हे जणू दुसरं राष्ट्रगीत. त्यातला भटका मजूर बिलबाँगच्या काठी कूलिबाच्या सावलीत बसतो. बिलबाँग म्हणजे नदीनं वाट बदलल्यावर मागे राहिलेला डोह. कूलिबा ही निलगिरीचीच एक जात, पूरमैदानातल्या चिकण मातीत वाढणारी. तिची रोपं पूर ओसरल्यावर उगवतात. डोह आणि झाड शेजारी यायला कवीची गरज नव्हती. दोन्ही शब्द तिथल्या आदिवासी भाषांतले आहेत, आणि १९३४ मध्ये झाडाला शास्त्रीय नाव मिळालं तेव्हा कूलिबा हाच शब्द त्यात घेतला गेला.

आदिवासींच्या लेखी बँक्सिया हा बागुलबुवा नव्हता. तिची मधानं ओथंबलेली ताजी फुलं पाण्यात भिजवून ते गोड सरबत करून प्यायचे.