रक्तातला दोष की वस्तीतला? सोलापूरच्या नजरेतून जनुकशास्त्राचा मागोवा

डोरोथी रॉबर्ट्स या अमेरिकी कायदेतज्ज्ञ. त्यांची दोन पुस्तकं सोलापुरात वाचली जावीत असं मला मनापासून वाटतं. 'किलिंग द ब्लॅक बॉडी' (१९९७) काळ्या स्त्रियांच्या मातृत्वावर सरकारने आणि डॉक्टरांनी गाजवलेल्या सत्तेचा इतिहास सांगतं. 'फेटल इन्व्हेन्शन' (२०११) मध्ये त्या म्हणतात, वंश ही माणसांनी केलेली राजकीय विभागणी आहे. ती जनुकांत शोधू लागलं की विषमतेतून आलेला आजार जन्मजात वाटू लागतो.

दोष रक्तातच असतो, या समजाची पाळंमुळं आपल्याही मातीत आहेत. बुद्धी आनुवंशिक असते, असं इंग्रज शास्त्रज्ञ फ्रान्सिस गाल्टनने १८६९ मध्ये मांडलं. दोनच वर्षांनी हिंदुस्थानात गुन्हेगार जमाती कायदा आला. विणकराचा मुलगा विणकर होतो, तसा गुन्हेगाराचा मुलगा गुन्हेगार, हा त्यामागचा तर्क. पुढे सोलापुरातही सेटलमेंट, म्हणजे या जमातींची सक्तीची वसाहत, उभी राहिली. तारेच्या कुंपणाआड कुटुंबंच्या कुटुंबं ठेवली गेली, बाहेर पडायचं तर हजेरी द्यायची. कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. शिक्का मात्र लोकांच्या नजरेत राहिला, आणि तो पुसायला अजून किती पिढ्या लागणार हे बघून जीव तुटतो.

इथे इरावती कर्वे आठवतात. १९२०च्या दशकाच्या अखेरीस त्या बर्लिनमध्ये जर्मन मानववंशशास्त्रज्ञ ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली संशोधन करत होत्या. कवटीच्या ठेवणीवरून गोऱ्यांचं श्रेष्ठत्व दाखवता येईल अशी फिशर यांची अपेक्षा. कर्वेंनी कवट्या मोजल्या आणि वंशाशी असा संबंध दिसत नाही, असं त्यांच्याच संस्थेत लिहून दिलं. एकट्या मराठी विद्यार्थिनीचं हे धैर्य मला फार मोठं वाटतं.

१९७२ मध्ये अमेरिकी जनुकशास्त्रज्ञ रिचर्ड लेवाँटिन यांनी दाखवलं, की माणसांतलं सुमारे ८५ टक्के जनुकीय वैविध्य एकाच लोकसमूहाच्या आत असतं, म्हणजे वंशावंशांतला फरक त्या मानाने थोडाच. तरीही २००५ मध्ये अमेरिकेत 'बायडिल' हे हृदयविकाराचं औषध फक्त काळ्या रुग्णांसाठी मंजूर झालं. त्यातली दोन्ही द्रव्यं जुनीच होती. चाचणीत सगळे रुग्ण काळेच, मग इतरांशी तुलना कुठून होणार? रॉबर्ट्स यांचा रोख नेमका अशा गोष्टींवर आहे.

रॉबर्ट्स जनुकं नाकारत नाहीत. सिकलसेल हा रक्ताचा आजार आनुवंशिकच आहे. पण गडचिरोलीतल्या बाळाची तपासणी वेळेवर होते का, औषध गावाजवळ मिळतं का, हे रक्तात लिहिलेलं नसतं.

सोलापुरात हा प्रश्न विडी कामगार बायांचा आहे. कुंभारीजवळ २००६ मध्ये दहा हजार घरकुलं झाली, हक्काचं छप्पर मिळालं. विड्या मात्र बहुतेक जणी घरातच वळतात. मजुरी हजार विड्यांवर, त्यामुळे दुखणं अंगावर काढलं जातं. तंबाखूची धूळ आईच्या श्वासात जाते आणि शेजारी झोपलेल्या मुलाच्याही. मग दोघांनाही खोकला लागला, की 'यांच्या घराण्यातच आहे' असं म्हटलं जातं.