जॅकी रॉबिन्सन यांच्या आधीचा कॅचर
मेजर लीग बेसबॉलमधील, म्हणजे अमेरिकेतील सर्वोच्च व्यावसायिक बेसबॉलमधील, पहिले कृष्णवर्णीय खेळाडू म्हणजे १९४७ साली ब्रुकलिन डॉजर्सकडून उतरलेले जॅकी रॉबिन्सन, असे सर्रास सांगितले जाते. ते खरे नाही. त्याआधी ६३ वर्षे, १८८४ मध्ये, मोझेस फ्लीटवुड वॉकर हे टोलिडो संघाचे कॅचर (फलंदाजामागे बसून चेंडू झेलणारे) म्हणून अमेरिकन असोसिएशन या तेव्हाच्या मेजर लीगमध्ये ४२ सामने खेळले होते. त्यांच्याच संघाचा पिचर (चेंडू टाकणारा) टोनी मुलेन, कोणता चेंडू टाकायचा हे सांगणाऱ्या त्यांच्या खुणा केवळ वर्णद्वेषापोटी धुडकावून मनाला येईल तसा चेंडू टाकत असे, आणि कोणता चेंडू येणार याची कल्पना नसताना, आजच्यासारखा जाड ग्लव्ह नसलेल्या हातांनी, वॉकर तो झेलत. आपल्याला लाभलेले सर्वोत्तम कॅचर तेच, हे मुलेनने पुढे मान्य केले. रॉबिन्सन यांनी मोडली ती वॉकर यांच्यानंतर संघमालकांनी आपसांत ठरवून लादलेली वर्णबंदी होती.