काल्पनिक रंगश्रेणीची कॉपीराइट नोंदणी: ठाणे-नवी मुंबईतल्या लेखकांसाठी अर्ज, पात्रता आणि कागदपत्रं

सात रंगांच्या शक्ती, त्या कुणाला किती द्यायच्या हे ठरवणारी एक श्रेणी (म्हणजे संघ), तिची सनद, मुद्रा (म्हणजे शिक्क्याचं चिन्ह), नकाशा. कादंबरीसाठी किंवा बोर्ड गेमसाठी अशी दुनिया रचून झाली की ‘याचं रजिस्ट्रेशन कसं करायचं?’ हा प्रश्न येतोच. अख्ख्या दुनियेची एकगठ्ठा नोंदणी होत नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ मांडणीला संरक्षण देतो, कल्पनेला नाही. सुप्रीम कोर्टाने १९७८ साली आर. जी. आनंद खटल्यात हे स्पष्ट केलं आहे. ‘हिरव्याने जखम भरते, तांबडा वापरला की वापरणाऱ्याचं आयुष्य घटतं’ एवढीच कल्पना उद्या दुसऱ्याने आपल्या शब्दांत आणि आपल्या पात्रांसह वापरली तर त्याला अडवता येणार नाही. तुम्ही लिहिलेली सनद मात्र तुमची. म्हणून वहीतल्या चार टिपणांवर अर्ज करू नका. शक्तींचे नियम, प्रवेशाची शपथ, शिक्षा, इतिहास हे सगळं सलग लिहून काढा आणि मग फॉर्मला हात घाला.

नावालाही कॉपीराइट मिळत नाही. ‘श्रेणी’ हा शब्द तर नाशिकच्या लेण्यांतल्या शिलालेखात विणकरांच्या संघासाठी आलेला आहे, तो कुणा एकाचा कसा होईल! खास घडवलेलं नाव जपायचं असेल तर ट्रेडमार्कसाठी टीएम-ए फॉर्म वेगळा भरावा लागतो: पुस्तकांसाठी वर्ग १६, खेळांसाठी वर्ग २८. ऑनलाइन भरल्यास व्यक्तीला प्रत्येक वर्गासाठी ४,५०० रुपये. खेळाची पद्धत पेटंटमध्येही बसत नाही, पण नियमपुस्तिकेचा मजकूर साहित्यकृती म्हणून नोंदवता येतो.

अर्ज लेखक करू शकतो किंवा ज्याच्याकडे हक्क आहेत तो. नोंदणी सक्तीची नाही, हक्क लिहिल्या क्षणीच निर्माण होतो. पण रजिस्टरमधली नोंद कोर्टात प्रथमदर्शनी पुरावा धरली जाते.

फॉर्म क्रमांक १४ कॉपीराइट कार्यालयाच्या पोर्टलवर भरायचा. प्रत्येक कृतीला स्वतंत्र अर्ज. सनदेचा मजकूर साहित्यकृती, शुल्क ५०० रुपये. नकाशा कलाकृती, ५०० रुपये. मुद्रा बिल्ल्यावर, डब्यावर, टी-शर्टवर छापणार असाल तर २,००० रुपये. म्हणजे तिन्हींचे मिळून ३,०००. अर्ज नामंजूर झाला तरी शुल्क परत मिळत नाही.

कागदपत्रांत कृतीची प्रत, ओळखपत्र आणि स्वाक्षरीची स्कॅन प्रत लागते. वकिलामार्फत गेलात तर वकीलपत्रही. प्रकाशक दुसरा असेल तर त्याचं ना-हरकत पत्र, आणि अर्जदार लेखक नसेल तर लेखकाचं. मालावर वापरायच्या मुद्रेसाठी आणखी एक कागद हवा: तशीच किंवा तिच्याशी मिळतीजुळती खूण दुसऱ्या कुणाच्या नावावर नसल्याचं ट्रेडमार्क रजिस्ट्रारचं प्रमाणपत्र. ते टीएम-सी फॉर्म भरून मिळतं, त्याचं शुल्क वेगळं. हे आधी मागवा, त्याशिवाय मुद्रेचा अर्ज पुढे सरकत नाही.

सर्वात जास्त घोळ होतो तो चित्रकाराच्या हक्कात. समजा, लेखिका नौपाड्यात आणि नकाशा काढणारा नेरुळमध्ये. तिने त्याला जीपेवर पैसे पाठवले, ‘मिळाले, थँक्यू’ असा मेसेज आला आणि तिच्या मते व्यवहार संपला. कायद्याच्या लेखी संपलेला नाही. मोबदला देऊन काढून घेतलेल्या पेंटिंगचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, पैसे देणारा असतो. पण हे सांगणाऱ्या कलमात नकाशाचा किंवा रेखाटनाचा उल्लेख नाही. तिथे मालक चित्रकारच. म्हणून लेखी, सहीचं हस्तांतरणपत्र घ्या. त्यात कोणती कृती, कोणते हक्क, किती मोबदला, किती वर्षं आणि कुठल्या प्रदेशासाठी हे सगळं यायला हवं. मुदत लिहिली नाही तर पाच वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. आणखी एक खोच: घेतलेले हक्क वर्षभरात वापरले नाहीत तर ते संपल्याचं मानलं जातं. गेमचं काम रखडण्याची शक्यता असेल (ती असतेच) तर ‘ही अट लागू नाही’ असं पत्रातच लिहून घ्या.

दुसरी चूक ‘प्रकाशित की अप्रकाशित’ या रकान्यात होते. फेसबुकवर सर्वांना दिसेल अशी प्रकरणं टाकली असतील तर ती लोकांपर्यंत पोहोचवली, म्हणजे प्रकाशित झाली. पुस्तक निघालं नाही म्हणून ‘अप्रकाशित’ लिहू नका. पहिल्या पोस्टचं वर्ष आणि देश भरा.

पत्ता ओळखपत्राशी जुळवून लिहा. बेलापूर ठाणे जिल्ह्यात, खारघर रायगडमध्ये. नुसतं ‘नवी मुंबई’ लिहून भागवू नका.

बिल्ले किंवा सोंगट्या कारखान्यात काढणार असाल तर आधी डिझाइन नोंदणीचा विचार करा. डिझाइन कायद्याखाली नोंदवता येणारी रचना न नोंदवता मालकाने ५० पेक्षा जास्त नग काढले की त्या रचनेवरचा कॉपीराइट संपतो.

शुल्क भरलं की डायरी नंबर, म्हणजे अर्जाचा क्रमांक, मिळतो. पुढचे ३० दिवस हरकतींसाठी राखीव असतात, तेव्हा फोन करून उपयोग नाही. हरकत आली तर दोन्ही बाजू ऐकल्या जातात, नाही आली तर अर्ज तपासणीला जातो. त्रुटीपत्र आलं तर दिलेल्या मुदतीतच उत्तर द्या. स्थिती पोर्टलवर डायरी नंबर टाकून पाहता येते. आणि त्यासाठी हार्बर लाइनने अँटॉप हिल गाठू नका: तिथल्या बौद्धिक संपदा भवनात ट्रेडमार्क आणि पेटंटचं काम चालतं, कॉपीराइटचं कार्यालय दिल्लीत द्वारका सेक्टर १४ ला आहे.