स्वीडनचा राय पाव : घरगुती कृतीमागचा इतिहास

स्वीडिश पद्धतीचा राय पाव म्हणून आज घरोघरी ज्या कृती करून पाहिल्या जातात, त्यांत राय या गव्हासारख्या थंड प्रदेशातील धान्याच्या पिठाबरोबर गडद पाक, बडीशेप आणि कडू संत्र्याची वाळवलेली साल बहुधा असतेच. या मऊ, गोडसर पावाला ‘लिम्पा’ म्हणतात. मात्र तो साऱ्या स्वीडनचा जुना पाव होता, असे समजणे चुकीचे ठरेल. एकोणिसाव्या शतकापर्यंत कोणता पाव खायचा हे तेथे आवडीपेक्षा शेतात काय पिकते आणि पाणचक्की वर्षातून किती दिवस फिरते, यावरच ठरत असे.

उत्तरेकडील तोकड्या उन्हाळ्यात प्रामुख्याने जवच हाती लागे आणि जवाचे पीठ फारसे फुगत नसल्याने त्याच्या पातळ पोळ्या लाटून भाजल्या जात. मध्य स्वीडनमध्ये राय पिके. सोळाव्या शतकाच्या अखेरीपासून वेर्मलांडच्या जंगलांत येऊन वसलेल्या फिनिश शेतकऱ्यांनी तर झाडे जाळून राखेत राय पेरण्याची रीत तेथे रुजवली. परंतु तेथील लहान ओढ्यांना पुरेसे पाणी असे ते वसंतात बर्फ वितळल्यावर आणि पुढे शरद ऋतूतील पावसात. दळण तेव्हाच होई, आणि साठवलेल्या पिठापेक्षा वाळलेला पाव अधिक टिकत असल्याने भाजणीही वर्षातून दोनदाच उरकली जाई. मधोमध भोक असलेल्या कडक चकत्या छताखालच्या दांड्यांवर ओवून ठेवत आणि त्या महिनोन्‌महिने पुरत. हाच ‘क्नेकेब्रोड’.

मऊ, आंबवलेला राय पाव खरा दक्षिणेचा. स्कोनेच्या सपाट प्रदेशात पवनचक्क्या असल्यामुळे दळण ओढ्यांवर अडून राहत नसे आणि पाव अधिक वेळा भाजता येई. पीठ मळण्याची लाकडी काठवट मुद्दाम धूत नसत, कारण तिच्या भेगांत आणि कडांना चिकटून राहिलेले पीठच पुढच्या खेपेचे विरजण ठरे. या आंबटपणाला चवीपलीकडचे कारण आहे. रायमधील प्रथिने गव्हासारखी चिवट जाळी विणत नाहीत. शिवाय त्यातील विकरे (एन्झाइम) भाजताना पिष्ट (स्टार्च) फोडत राहतात आणि पाव आतून चिकट गोळा होतो. आंबवणातील आम्ल या विकरांना आवर घालते. ही रसायनविद्या ठाऊक नसतानाही बायकांनी त्यावरचा उपाय पक्का केला होता, याचे कौतुक वाटल्याशिवाय राहत नाही.

दुसरी जुनी युक्ती उकडीची. रायच्या काही पिठावर कढत पाणी ओतून ते रात्रभर झाकून ठेवायचे. मोदकासाठी तांदळाच्या पिठाची उकड काढावी तसाच हा प्रकार. फरक इतकाच, की येथे पीठ हळूहळू निवत असताना विकरे पिष्टाची साखर करतात आणि पावाला आपोआप गोडी येते. गॉटलंड बेटावरच्या लिम्पात ही उकड अजूनही आढळते. नाताळच्या ‘व्हर्टलिम्पा’ची गोडी मात्र बिअरच्या भांड्यातली: सणासाठी घरी बिअर होत असे, तिच्यासाठी काढलेल्या माल्टच्या, म्हणजे मोड आणून वाळवलेल्या धान्याच्या, गोड अर्कातच पीठ भिजवले जाई आणि बिअरच्या तळाचे यीस्ट पाव फुगवायला वापरले जाई.

गडद पाक सर्वसामान्यांच्या पिठात आला तो बराच उशिरा, एकोणिसाव्या शतकात साखर कारखाने वाढल्यावर; स्कोनेमध्ये बीटची लागवड पसरली आणि साखरेबरोबर निघणारा पाक शेतकऱ्यालाही परवडू लागला. त्याच शतकाच्या उत्तरार्धात दाबलेले यीस्ट दुकानात मिळू लागले, गव्हाचे पीठ स्वस्त होत गेले आणि मोठ्या बेकऱ्या उभ्या राहिल्या. माल्मोची ‘पोगेन’ 1878 सालची. त्याच काळात, विशेषतः 1867-68 च्या दुष्काळानंतर, लाखो स्वीडिश लोक अमेरिकेला गेले आणि लिम्पा त्यांच्याबरोबर मिनेसोटापर्यंत पोहोचला.

म्हणूनच ज्या कृतीत निम्म्याहून अधिक मैदा, यीस्ट आणि भरपूर पाक आहे, पण विरजण किंवा उकड नाही, ती फार तर या शेवटच्या टप्प्याची परंपरा सांगते.