अवकाश-खेळांतील विश्वाची हद्द

खान्देशातील अनेक मुले आज संगणकावर ज्या अवकाश-सिम्युलेशन खेळांत रमतात, त्यांची जाहिरात ‘अमर्याद विश्व’ अशी केली जाते. पण त्या विश्वाची हद्द ठरते ती संगणक एखादी संख्या किती अंकांत लिहितो यावरून.

अनेक खेळांत यानाचे स्थान ३२ बिटांच्या (बिट म्हणजे ० किंवा १ हा एक अंक) फ्लोटिंग पॉइंट संख्येत, म्हणजे ठरावीक अंक आणि बिंदूची सरकती जागा अशा रूपात, साठवले जाते. तिच्यात अचूकतेसाठी २४ बिट मिळतात, म्हणजे दशांश पद्धतीत जेमतेम ७ अंक, आणि संख्या मोठी होत गेली की बारीक तपशील गळू लागतो. जळगाव हा आरंभबिंदू धरून मीटरमध्ये मोजत निघालो, तर सुमारे १६,७७७ किलोमीटरपलीकडे लागोपाठच्या दोन नोंदवता येणाऱ्या स्थानांत २ मीटरचे अंतर पडते, चंद्राजवळ ते ३२ मीटर होते आणि सूर्याइतके दूर गेल्यावर १६ किलोमीटरांहून अधिक. जळगावहून भुसावळला निघालेल्या माणसाने निम्म्याहून अधिक वाट एकाच पावलात ओलांडावी आणि मध्ये पाय टेकवायला जागाच नसावी, तसे. अशा वेळी यानाचे भाग थरथरू लागतात. २०११ साली प्रथम आलेल्या ‘कर्बल स्पेस प्रोग्रॅम’मध्ये तर याने अंतराळात अकारण मोडून पडत, आणि खेळाडूंनी या संकटाला ‘क्राकेन’ या सागरी राक्षसाचे नाव दिले.

त्यावरचा उपाय मला विलक्षण सुंदर वाटतो: आरंभबिंदू यानापाशीच ठेवायचा आणि यानाऐवजी सारे विश्व उलट दिशेने सरकवायचे, म्हणजे यानाजवळच्या संख्या नेहमी लहान आणि अचूक राहतात.

६४ बिटांची संख्या वापरली, तर नेपच्यूनच्या अंतरावरही चूक मिलिमीटरच्या आसपास राहते. मात्र घरगुती ग्राफिक्स कार्डांवर अशी गणिते फार संथ चालतात. शिवाय एक लाख प्रकाशवर्षांच्या आकाशगंगेत तीही अपुरी पडून दोन स्थानांतील अंतर १३१ किलोमीटरांवर जाते. म्हणून आकाशगंगेचे तुकडे पाडून प्रत्येकाला स्वतंत्र आरंभबिंदू द्यावा लागतो.

उरतो साठवणुकीचा प्रश्न. १९८४ च्या ‘एलिट’ या खेळाने ३२ किलोबाइट स्मृतीच्या संगणकावर ८ आकाशगंगा, प्रत्येकी २५६ ताऱ्यांसह, उभ्या केल्या, कारण तारे साठवलेले नव्हतेच, एका बीजसंख्येपासून सूत्राने ते दर वेळी नव्याने काढले जात. २०१६ च्या ‘नो मॅन्स स्काय’मधील ग्रह, ज्यांची संख्या २ चा ६४ वा घात इतकी सांगितली जाते, याच तत्त्वावर उभे आहेत. खेळाडूने तिथे खणलेला खड्डा मात्र कोणत्याही सूत्रातून परत मिळत नाही. त्याची नोंद ठेवावीच लागते, आणि त्या नोंदींसाठी जागा मोजकीच असते.