ॲलर्जी व खोकल्याच्या औषधांचा एकत्रित वापर

ॲलर्जी आणि खोकल्यावरची दोन किंवा अधिक औषधे डॉक्टरांच्या चिठ्ठीविना एकाच काळात घेताना त्यांतील घटकांची पुनरावृत्ती व परस्परक्रिया टाळणे, असा या संकल्पनेचा आशय आहे. मुंबईत पावसाळ्यात ओल्या भिंतींवर धरणारी बुरशी आणि एरवी बांधकामांची धूळ यांमुळे शिंका व खोकला पुष्कळदा जोडीनेच येतात, आणि नाक्यावरच्या केमिस्टकडून सर्दीची गोळी व कफ सिरपही तसेच जोडीने आणले जाते. काउंटरवर सहज मिळाले म्हणून औषध निर्धोक ठरत नाही. चिठ्ठीची औषधेही तेथे अनेकदा तशीच मिळतात.

येथे व्यापारी नावापेक्षा स्ट्रिपमागची बारीक अक्षरांतील घटकांची ओळ महत्त्वाची असते. सेटिरिझिन ही ॲलर्जीची गोळी आणि केवळ डेक्स्ट्रोमेथॉर्फन हे खोकला दाबणारे औषध असलेले सिरप निरोगी प्रौढाला सहसा एकत्र चालते, मात्र गुंगी वाढू शकते आणि मद्याने ती आणखी गडद होते. अडचण अशी, की कित्येक सिरपांत क्लोरफेनिरामिन हे जुन्या पिढीचे, अधिक झोप आणणारे अँटीहिस्टामिन (सेटिरिझिनसारखे ॲलर्जीरोधक औषध) आधीच मिसळलेले असते. त्यामुळे दोन वेगळी औषधे घेत आहोत असे समजून माणूस एकाच वर्गाचा दुहेरी डोस घेतो. लेव्होसेटिरिझिन तर सेटिरिझिनचाच क्रियाशील अंश असल्याने ती दोन्ही एकत्र घेण्यात काहीच अर्थ नाही. पॅरासिटामॉलचेही असेच होते: सर्दीच्या गोळीत ते असताना तापाची गोळी वेगळी घेतली, तर प्रौढांसाठीची दिवसाची ४ ग्रॅमची कमाल मर्यादा नकळत ओलांडली जाऊन यकृताला इजा होऊ शकते.

सर्दीच्या गोळ्यांतील फेनिलएफ्रिन हे चोंदलेले नाक मोकळे करणारे औषध रक्तदाब वाढवू शकते. क्लोरफेनिरामिनमुळे प्रोस्टेट वाढलेल्यांची लघवी अडू शकते व काचबिंदूचा एक प्रकार बळावू शकतो. फ्लुओक्सेटिन, एस्सिटालोप्राम यांसारखी नैराश्यावरची औषधे चालू असणाऱ्यांनी डेक्स्ट्रोमेथॉर्फन विचारल्याशिवाय घेऊ नये, कारण सेरोटोनिन या मेंदूतील रसायनाचा अतिरेक होऊन थरथर, घाम, गोंधळ अशी गंभीर लक्षणे उद्भवू शकतात. क्लोरफेनिरामिन व फेनिलएफ्रिन यांचे मिश्रण चार वर्षांखालील मुलांना देऊ नये, असा इशारा वेष्टनावर छापण्याचे निर्देश केंद्रीय औषध नियामकाने डिसेंबर २०२३ मध्ये दिले.

कफ सुटत असताना खोकला दाबणारे औषध बहुधा गैरलागू असते. दोन आठवड्यांहून अधिक टिकलेल्या खोकल्यावर सिरप बदलत राहण्याऐवजी क्षयरोगाची तपासणी करावी लागते. सरकारी व महापालिकेच्या आरोग्यकेंद्रांत ती विनामूल्य होते.