दीपकाडीचं नाव कुठून आलं?

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात जांबोटीहून कणकुंबीकडे जाताना आम्ही गाडी बाजूला लावली आणि जांभ्याच्या एका सड्यावर, म्हणजे उघड्या खडकाळ पठारावर चढलो. बरोबर माझ्या शाळेतली नववीची चार मुलं होती. त्यातल्या एकाची आजी आधीपासूनच तिथं होती, कारण त्यांची गुरं त्याच बाजूला चरत होती. पाऊस नुकताच थांबला होता. खडकाच्या खोलगट जागेत बोटभर माती साचलेली, तिच्यात ओलं गवत, आणि गवतातून वर आलेला एक बारीक, सरळ दांडा. त्यावर सात-आठ पांढरी फुलं होती, एकमेकांपासून जरा अंतर राखून.

गुडघे टेकून पाहिल्याशिवाय हे फूल कळत नाही. पाकळ्या सहा, पण बुडापासून सुट्या नाहीत. खाली त्या सगळ्या मिळून एक नळी होते. वर आल्यावर बाहेरच्या तीन पाकळ्या मागे वळतात, आतल्या तीन मात्र आणखी थोडं वर एकमेकींना धरून राहतात. पानं अरुंद, लांब, गवतात मिसळून जाणारी. फूल नसतं तर आम्ही ती तुडवून पुढे गेलो असतो.

एकानं नाव विचारलं. मी म्हटलं, दीपकाडी. मग आजींना विचारलं, तुम्ही हिला काय म्हणता? त्या म्हणाल्या, "असलं पावसाळ्यात लय उगवतंय की. नाव कोण ठेवत बसतंय त्याला?"

नातवानं मात्र लगेच अर्थ लावला. दिव्याची काडी. हिरवी काडी आणि तिच्या टोकाला उजेड. दुसरा मुलगा घरी कन्नड बोलतो. तो म्हणाला, "आमच्यात पण तेच होतंय सर. दीप आणि कड्डी." आणि ते खरंच आहे. आपली काडी ती कन्नडमध्ये कड्डी. इकडे काडीपेटी, तिकडे कड्डीपेट्टिगे. उदबत्तीला ऊदिनकड्डी. बेळगाव, खानापूरच्या पट्ट्यात एखादं नाव दोन्ही भाषांत असं सहज बसलं की ते इथलंच, जुनं आहे असं वाटायला लागतं. मलाही कित्येक वर्षं तसंच वाटत होतं.

पण नावाचा माग काढला तर तो सह्याद्रीत थांबत नाही. या वनस्पतीच्या वंशाचं शास्त्रीय नावच डिपकाडी आहे. फ्रीडरिश काझिमीर मेडिकुस या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञानं ते १७९० मध्ये दिलं. मेडिकुस मानहाइमच्या उद्यानाचा प्रमुख होता, मराठीशी त्याचा काडीचा संबंध नव्हता. त्यानं हा शब्द नव्यानं बनवलाही नाही. त्याआधीपासून युरोपातल्या बागकामाच्या पुस्तकांतून तो फिरत होता, पूर्वेकडून, तुर्की मुलखातून आलेला शब्द म्हणून. आणि तेव्हा तो आपल्या पांढऱ्या फुलाचा नव्हताच. तो होता मस्कारीचा.

मस्कारी म्हणजे वसंतात फुलणारं एक लहानसं कंदाचं झाड. भूमध्य समुद्राभोवतीचे देश आणि पश्चिम आशिया हा त्याचा मूळ मुलूख. उंची वीतभर. दांड्याच्या टोकाला निळ्या, तोंड आवळलेल्या इवल्या घागरींचा दाट घोस. इंग्रजीत त्याला ग्रेप हायसिंथ म्हणतात, म्हणजे द्राक्षाच्या घडासारखं फूल. त्याच्या एका जातीचं नाव बोट्रिऑइडिस, आणि ग्रीकमध्ये बोट्रिस म्हणजे द्राक्षाचा घड. जर्मनांनाही त्यात द्राक्षंच दिसली. काही ठिकाणी त्याला मोत्यांचं फूल म्हणतात, तेही पटण्यासारखं आहे.

घोसाच्या शेंड्याची फुलं बऱ्याचदा फिकट आणि लहान असतात. ती वांझ असतात, त्यांच्यात बी धरत नाही. त्यांचं काम लांबून मधमाशीच्या नजरेत भरण्याचं. माशी आली की तिला खालच्या फळणाऱ्या फुलांत मध आणि पराग मिळतात. एकाच दांड्यावर जाहिरात वर आणि दुकान खाली अशी ही सोय आहे, आणि मस्कारीच्या एका जवळच्या नातलगात तर वरच्या फुलांचा चक्क जांभळा तुरा होतो.

आता मस्कारी हे नाव. सोळाव्या शतकात इस्तंबूलहून ट्युलिप, हायसिंथ असे कंद युरोपात पोचायला लागले, त्यांतच मस्कारीची एक जात होती. दिसायला ती साधीच, फुलं मळकट पांढरी, पण वास कस्तुरीचा. त्या वासावरून नाव पडलं. फारसीत कस्तुरी म्हणजे मुश्क, अरबीत मिस्क, ग्रीकमध्ये मोस्खोस, लॅटिनमध्ये मुस्कुस, इंग्रजीत मस्क. या साखळीचं मागचं टोक भाषाशास्त्रज्ञ संस्कृतमधल्या मुष्क या शब्दापाशी नेतात. मुष्क म्हणजे अंडकोश. कस्तुरीमृगाच्या नराच्या पोटाखाली जी ग्रंथीची पिशवी असते, तिच्या आकारावरून तो शब्द कस्तुरीला लागला. मुष्क हाही मूष् या शब्दापासून आलेला. मूष् म्हणजे उंदीर, आपला मूषक. मुष्क म्हणजे मुळात छोटा उंदीर.

हे मी वर्गात सांगितलं तेव्हा मुलं हसली. हसू देत. लॅटिनमध्येही असंच झालंय: दंडाच्या स्नायूला तिथं मुस्कुलुस म्हणजे उंदराचं पिल्लू म्हणत, त्यावरूनच इंग्रजी मसल शब्द आला. कातडीखाली गोल काही हललं की माणसाला उंदीर आठवतो, मग तो रोममधला असो नाहीतर गंगेच्या काठचा.

तर उंदरापासून अंडकोश, त्यापासून कस्तुरी, आणि कस्तुरीपासून एक निळं फूल. हाच शब्द आपल्या स्वयंपाकघरातही आहे. जायफळाचं लॅटिन नाव नुक्स मुस्काटा, म्हणजे कस्तुरीच्या वासाची बी. आणि भेंडीच्या वंशाचं शास्त्रीय नाव आबेलमॉस्कस. ते अरबी अबुल-मिस्क वरून, म्हणजे कस्तुरीचा बाप. ते नाव मुळात कस्तुरभेंडीच्या सुगंधी बियांमुळे पडलं, आणि रोजच्या भाजीची भेंडी त्याच घराण्यातली म्हणून तिलाही मिळालं.

उंदीर मस्कारीला आणखी एका ठिकाणी भेटतो, आणि ही गोष्ट मला फार आवडते. इराकच्या कुर्दिस्तानात शनिदर नावाची गुहा आहे. तिथं १९६० मध्ये एका निअँडरथल, म्हणजे आता नामशेष झालेल्या प्राचीन मानवजातीच्या माणसाचा सांगाडा सापडला. त्याच्याजवळच्या मातीत फुलांचे परागकण होते, त्यात मस्कारीचेही. आर्लेत लरवा-गुऱ्हाँ या फ्रेंच परागतज्ज्ञ बाईंनी १९७५ मध्ये त्यावर लिहिलं, आणि निअँडरथल आपल्या माणसाला फुलं वाहून पुरत होते ही कल्पना जगभर पसरली. पुढे इतर संशोधकांनी शंका काढली. त्या भागात बिळं करून राहणारा उंदरासारखा एक प्राणी आहे, तो बिळात फुलं ओढून नेतो, तेव्हा पराग त्याच्याबरोबरही आत गेले असतील. फुलं वाहिलीच नव्हती असं त्यातून सिद्ध होत नाही. पण नुसते पराग सापडले म्हणून वाहिली होती असंही ठाम म्हणता येत नाही. मुलांना विज्ञान कसं चालतं हे शिकवायला मला याहून चांगलं उदाहरण मिळालेलं नाही.

मग मस्कारीचं नाव दीपकाडीला कसं लागलं? दोघी एकाच घरातल्या. पूर्वी त्यांना लिलीच्या कुळात धरत, आता शतावरीच्या कुळात धरतात. मेडिकुसनं वंश उभा केला तो ज्या फुलासाठी, ते स्पेन आणि उत्तर आफ्रिकेत वाढतं. वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसनं त्याला १७५३ मध्ये हायसिंथ म्हणून नोंदवलं होतं. रंग मातकट तपकिरी, जवळून पाहिल्याशिवाय दिसणारही नाही. मस्कारीला मस्कारी हे नाव पक्कं झालं आणि डिपकाडी हे तिचं जुनं पर्यायी नाव मोकळं पडलं, ते या तपकिरी बहिणीकडे गेलं. या वंशाच्या बहुतेक जाती आफ्रिकेत आहेत, पण काही थेट आपल्या सह्याद्रीपर्यंत पोचल्या आहेत.

आपल्याकडच्या जातींना शास्त्रात पहिल्यांदा नाव देणाऱ्यांत निकोल अलेक्झांडर डॅल्झेल हा स्कॉटिश माणूस होता. मुंबई इलाख्याच्या जंगल खात्यात तो अधिकारी होता. अलेक्झांडर गिब्सनबरोबर त्यानं १८६१ मध्ये मुंबई इलाख्याच्या वनस्पतींवर ग्रंथ काढला. डॅल्झेलनं या फुलांना युरोपेटालम या वंशात घातलं होतं. या नावाचा युरोपशी संबंध नाही. ग्रीकमध्ये उरा म्हणजे शेपूट, म्हणून शेपटीवाल्या पाकळ्यांचं फूल. आफ्रिकेतल्या काही जातींच्या बाहेरच्या पाकळ्यांना खरंच शेपट्या असतात. नंतर लंडनच्या क्यू वनस्पती उद्यानातल्या जॉन गिल्बर्ट बेकरनं या जाती डिपकाडीत हलवल्या. एकीच्या नावापुढे डोंगर लागला, मोंटानम. दुसरीच्या नावापुढे आपलं कोकण, काँकनेन्से. अलीकडे काही शास्त्रज्ञ हा सगळा वंशच ऑर्निथोगॅलममध्ये विलीन करावा म्हणतात. त्या नावाचा अर्थ पक्ष्याचं दूध. बाकीचे त्याला तयार नाहीत, आणि मी त्यांच्या बाजूचा आहे. त्याचं कारण शास्त्रीय नाही, एवढं कबूल करतो.

मस्कारी आणि दीपकाडी या दोघी बहिणींचं घड्याळ मात्र बरोबर उलटं चालतं. घरातला एक कांदा उभा कापा. बुडाशी एक कडक पांढरी चकती दिसेल, ते खरं खोड. खालून मुळं, वरून पाकळ्यांसारखे थर. ते थर म्हणजे पानांचे फुगलेले बुंधे, अन्न आणि पाणी साठवलेले. मधोमध पुढच्या हंगामाचा कोंब. कंदाची सगळी करामत एवढीच की जगणं अवघड होईल तेव्हा पानं टाकून द्यायची आणि मातीखाली गप्प बसायचं. मस्कारीच्या देशात उन्हाळा कोरडा आणि पाऊस हिवाळ्यात. म्हणून ती बऱ्याचदा शरद ऋतूतच पानं काढते, थंडी अंगावर घेते, वसंतात फुलते आणि उन्हाळाभर झोपते. फुलण्यासाठी तिला कित्येक आठवड्यांची चांगली थंडी लागते. बेळगाव साडेसातशे मीटर उंचीवर असलं तरी इथल्या हिवाळ्यात तेवढी थंडी पडत नाही, त्यामुळे मागवलेले कंद इथं कुंडीत लावून ते आपसूक फुलतील अशी आशा धरू नये.

दीपकाडी थंडीची वाट पाहत नाही. तिला पाणी हवं. जांभ्याच्या पठारावर मेमध्ये दगडाला हात लावता येत नाही, आणि जुलैत त्याच दगडावरून पाणी वाहत असतं. या दोन टोकांमध्ये तिला जेमतेम चार महिने मिळतात. त्यातच पान, फूल, बी, आणि पुढच्या वर्षाची शिदोरी. हे ज्या बोटभर मातीत होतं ती माती खाणीसाठी किंवा रस्त्यासाठी खरवडली की पुन्हा साचायला किती पिढ्या जातील सांगता येत नाही. आणि कोणी कंद उपटून घरी नेला तर तो बागेत जगण्याची शक्यता फार कमी. मुलांना मी एकच नियम घातलाय, इथं हात मागे बांधून बघायचं.

कंदाला इंग्रजीत बल्ब म्हणतात. तो शब्द ग्रीक बोल्बोस वरून आला, आणि बोल्बोस हे मस्कारीच्या त्या तुरेवाल्या नातलगाच्या, खाण्याच्या कडवट रानकांद्याचं नाव होतं. दक्षिण इटलीत आणि ग्रीसमध्ये तो अजून आवडीनं खातात. आपल्याकडे लसणाचा गड्डा, कांद्याचा गड्डा. बेळगावच्या बाजारात कन्नड बोलणारी बाई कांद्याला उळ्ळागड्डी म्हणते. शब्दातला गड्डा दोघींचा एकच आहे, आणि भाव करताना कुणाला ते सांगावं लागत नाही.

ऑक्टोबरच्या शेवटी आम्ही पुन्हा त्या सड्यावर गेलो. गवत पिवळं पडलं होतं आणि दीपकाडीची पानं वाळून मातीला मिळाली होती. मला ती जागा सापडेना. दोन खोलगट जागा हुडकल्या, दोन्हीत नुसतं वाळकं गवत. आजी लांबून बघत होत्या. त्या काठी टेकत आल्या आणि एका दगडाच्या कडेला काठीचं टोक लावलं. तिथं एक वाळलेला दांडा उभा होता, त्याला तीन कप्प्यांची उकललेली बोंडं, आणि एका कप्प्यात अजून चार काळ्या चपट्या बिया, एकीवर एक रचलेल्या.

"ही काय," त्या म्हणाल्या, "दिव्याची काडी."